तिजोरीतला हिरा आणि वऱ्हाडचा वसूल

मुंबईत रिझर्व्ह बँकेच्या तिजोरीत हैदराबादच्या निजामाचे १७३ दागिने ठेवलेले आहेत. १९९५ साली केंद्र सरकारने ते सुमारे २१८ कोटी रुपये मोजून विकत घेतले. तेव्हापासून ते कधीतरी प्रदर्शनात येतात, २०१९ मध्ये दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आले तसे, आणि पुन्हा कुलूपबंद होतात. हे दागिने आमच्याकडे द्या, असे हैदराबादकर म्हणतात. या वादात बुलढाणा जिल्ह्यातल्या बीबीने तोंड घालण्याचे कारण काय, असे कोणी विचारील. आमचे म्हणणे असे की, या वादात पहिला हक्क सांगायचा कोणाचा असेल, तर तो आमचाही आहे.

निजामाच्या घराण्याचा पाया कुठे घातला गेला? हैदराबादला नव्हे, आमच्या साखरखेर्ड्याला! ऑक्टोबर १७२४ मध्ये तिथल्या लढाईत निजाम-उल-मुल्कने मुबारिझखानाचा पराभव केला आणि दख्खन ताब्यात घेतले. पुढची सव्वादोनशे वर्षे वऱ्हाड या घराण्याच्या नावाशी बांधलेला राहिला. १८५३ मध्ये निजामाने फौजेच्या खर्चाच्या थकबाकीपोटी वऱ्हाड इंग्रजांच्या हवाली केला. १९०२ मध्ये कर्झनने तो सालीना २५ लाख रुपयांच्या कायमच्या पट्ट्याने घेतला. १९३६ च्या करारानंतर निजामाचा वारस ‘प्रिन्स ऑफ बेरार’ म्हणून मिरवू लागला. गहाण टाकायला वऱ्हाड, पट्ट्याने द्यायला वऱ्हाड, पदवीत घालून मिरवायलाही वऱ्हाड! यातल्या एकाही करारात वऱ्हाडातल्या माणसाला कोणी विचारले नाही.

या दागिन्यांत जेकब नावाचा सुमारे १८५ कॅरटचा हिरा आहे. तो गोवळकोंड्याचा नाही, दक्षिण आफ्रिकेतला आहे. सहाव्या निजामाने, महबूब अलीखानाने, तो जेकब नावाच्या व्यापाऱ्याकडून घेण्यासाठी २३ लाख रुपये आगाऊ दिले. व्यवहार फिसकटला, १८९१ मध्ये कलकत्त्याला फौजदारी खटला चालला आणि जेकब निर्दोष सुटला. पुढे सातव्या निजामाला हा हिरा बापाच्या जोड्यात सापडला आणि त्याने तो कागद दाबायला वापरला. ही गोष्ट लोक कौतुकाने सांगतात. आम्ही मात्र दोन आकडे शेजारी ठेवून पाहतो. एका दगडाची आगाऊ रक्कम २३ लाख आणि अख्ख्या वऱ्हाडाचा वर्षाचा पट्टा २५ लाख! या दोन आकड्यांच्या मध्ये १८९९-१९०० चा दुष्काळ उभा आहे.

हिरा परमुलखातला, मग आमच्या मातीचे त्यात काय? पैसा. हिरे पिकत नाहीत. पिकते ती ज्वारी, पिकतो तो कापूस, आणि त्यावर बसतो तो सारा. गावचा वसूल कचेरीत पोचवण्याचे काम गावकीत कोणाकडे होते, हे आम्ही वाचकांना सांगायला नको. ते आमच्या आजे-पणजांकडे होते. ज्याच्या राखणीत खजिना जात होता, त्याला देवळाची पायरी आणि पाणवठा बंद होता. वाटेत एक नाणे कमी झाले तर पाठ त्याची सोलली जायची, आणि नाणी पोचली तर नाव राजाचे व्हायचे. दागिन्यांच्या इतिहासात कारागिरांची वाखाणणी आहे, राजांच्या हौसेची वर्णने आहेत. हे ओझे वाहणाऱ्याचे नाव कुठे आहे?

इथे एक गोष्ट स्पष्ट करतो. निजाम मुसलमान होता म्हणून कोणी आमच्या लिखाणावर आपली पोळी भाजून घेऊ नये. पेशव्यांकडून इंग्रजांनी १८१८ मध्ये नेलेला नाशिकचा हिरा असो की १८५४ मध्ये खालसा झालेल्या नागपूरकर भोसल्यांचे जडजवाहीर असो, आमचा सवाल तोच आहे. २०२५ मध्ये महाराष्ट्र सरकारने लंडनच्या लिलावात रघुजी भोसल्यांची तलवार घेतली आणि वाजतगाजत मुंबईत आणली. आणली ते ठीकच. पण राजाचा धर्म बदलला म्हणून रयतेच्या पाठीवरचे ओझे हलके होत नसते.

आता कायद्याचे पाहू. सातव्या निजामाने १९५१ आणि १९५२ मध्ये दागिन्यांचे दोन ट्रस्ट केले. राज्य गेले, पण दागिने खाजगी मिळकत म्हणून राहिले. १९७१ च्या २६ व्या घटनादुरुस्तीने राजांचे तनखे बंद झाले, दागिन्यांची मालकी बदलली नाही. पुढे ट्रस्टने ते विकायला काढले, कोर्टकचेऱ्या झाल्या आणि शेवटी सरकारने पैसे मोजले. सरकारने ते घेतले नसते, तर परदेशी लिलावात त्यांची फाटाफूट झाली असती. म्हणून खरेदीला आमचा विरोध नाही. पण ज्या रयतेच्या साऱ्यातून हा खजिना उभा राहिला, तिच्याच नातवंडांच्या करातून त्याची किंमत दुसऱ्यांदा फेडली गेली, हे कोणी नाकारू शकेल काय? निजामाच्या नावाने १९४८ मध्ये लंडनच्या बँकेत पाठवलेल्या दहा लाख पौंडांचे २०१९ पर्यंत साडेतीन कोटी झाले. त्या दाव्यात पाकिस्तान होते, भारत होता, निजामाचे वारस होते. सारा भरणाऱ्याच्या वतीने उभा राहणारा वकील मात्र एकही नव्हता.

एकाच वस्तूची किंमत दोनदा फेडणाऱ्याला निदान ती पाहायला तरी मिळाली पाहिजे. संविधानाचे कलम ४९ राष्ट्रीय महत्त्वाच्या कलात्मक आणि ऐतिहासिक वस्तू जपण्याची जबाबदारी राज्यावर टाकते. जपणे म्हणजे लपवणे नव्हे. या दागिन्यांना कायमचे, सर्वांना खुले असलेले दालन मिळाले पाहिजे. ते मुंबईत असो की हैदराबादला, आमची हरकत नाही. पण अधूनमधून ते वऱ्हाडातही आले पाहिजेत. आणि जेकब हिऱ्यापुढच्या पाटीवर वजन, कॅरट आणि निजामाचे नाव यांच्याखाली आणखी एक ओळ हवी: हा हिरा ज्या पैशातून आला, तो वऱ्हाड, मराठवाडा, तेलंगण आणि कर्नाटकातल्या कष्टकऱ्यांनी भरला.

राजे गेले आणि मुकुट तिजोरीत गेले. त्या मुकुटाचा हिशेब मागण्याचा अधिकार मात्र आता रयतेकडे नव्हे, नागरिकाकडे आहे. तो वापरायचा की नाही, हे आपण ठरवायचे आहे.