नमुना जुळला, म्हणून कृती सिद्ध झाली काय?

जुन्या चित्रकारांचे तंत्र उलगडल्याचा दावा करणारा अनुबोधपट खरा मानावा की जादूचा खेळ, हा प्रश्न २०१३ सालच्या 'टिम्स व्हर्मेर'ने उभा केला. दिग्दर्शक टेलर आणि निवेदक पेन जिलेट हे दोघेही व्यवसायाने जादूगार. तेव्हा संशय येणे स्वाभाविकच होते. चित्रकलेचे शिक्षण नसलेला अमेरिकन तंत्रज्ञ टिम जेनिसन त्यात भिंग आणि छोटा आरसा यांच्या साह्याने सतराव्या शतकातील डच चित्रकार व्हर्मेर याच्या 'संगीताचा धडा' या चित्राची प्रतिकृती काढतो. आरशातील रंग आणि चित्रावरील रंग एक झाले, आरशाची कड दिसेनाशी झाली, की रंग जुळला, अशी ही युक्ती आहे.

समाजवादी मनाला हा दावा सुखावतो. प्रतिभा ही दैवी देणगी नसून हत्यार आणि कष्ट यांचे फळ आहे, असे त्यातून सिद्ध झाल्यासारखे वाटते. नेमक्या याच कारणासाठी तो अधिक कठोरपणे तपासला पाहिजे.

रहाटणीत राहून पिंपरी-चिंचवडच्या कारखान्यात लेथ चालविणाऱ्या कामगाराला यातील मेख समजावून सांगावी लागत नाही. जॉब गेजमध्ये बसला म्हणजे तो मापात आहे, एवढेच ठरते. तो ओतून केला की कातून, हे हत्याराच्या खुणा सांगतात. जेनिसनची प्रतिकृती 'असे करता येते' हे दाखविते. 'असेच केले गेले' हे नव्हे. व्हर्मेर १६७५ साली वारला. पुढल्या वर्षी त्याच्या घरातील वस्तूंची जी यादी झाली, तीत असल्या भिंगाची नोंद नाही. उलट त्याच्या अनेक चित्रांत टाचणीचे छिद्र सापडले आहे. तेथे दोरा लावून खोलीच्या रेषा आखल्या जात.

अजिंठ्याची चित्रेही दीर्घकाळ 'फ्रेस्को' म्हणून गणली गेली. निकाल दिला तो भिंतीने. फ्रेस्कोत ओल्या चुन्यावर रंग भरतात; अजिंठ्याला माती, भुसा आणि वनस्पतींचे तंतू यांच्या गिलाव्यावर पातळ पांढरा थर देऊन, तो वाळल्यावर चिकट द्रव्यात कालवलेले रंग लावले आहेत. वेरूळच्या गिलाव्यात भांगेचे तंतू असल्याचे २०१६ साली प्रसिद्ध झाले, तेही गिलाव्याचे नमुने तपासूनच.

म्हणून हा पट बनावट ठरत नाही. जेनिसनचे महिनोन्महिन्यांचे कष्ट पडद्यावर दिसतात. प्रयोगाची नोंद म्हणून तो अस्सल आहे. इतिहासाचा पुरावा म्हणून अपुरा आहे. अभ्यासवर्गात तो अवश्य दाखवावा, पण हा भेद सांगूनच.

व्हर्मेरच्या विधवेला पाववाल्याच्या थकलेल्या देण्यापोटी दोन चित्रे द्यावी लागली, हे कागदोपत्री नमूद आहे. चित्रकारही हातावर पोट असलेला कारागीरच होता, हे सिद्ध करण्यास आरशाची गरज नाही. श्रमाची प्रतिष्ठा अर्धवट पुराव्यावर उभी करणे म्हणजे विरोधकांच्या हाती आयते कोलीत देणे होय.