पोटदुखीच्या सोंगातून आलेला नायक

‘द वाइज लिटल हेन’ हा वॉल्ट डिस्ने यांच्या स्टुडिओचा छोटा रंगीत हास्यपट १९३४ च्या जूनमध्ये प्रदर्शित झाला. ‘सिली सिंफनी’ या संगीतप्रधान मालिकेतील या चित्रपटाचे दिग्दर्शन विल्फ्रेड जॅक्सन यांनी केले. डोनाल्ड डक पडद्यावर प्रथम दिसला तो यातच.

कथा लहान मुलांच्या जुन्या बोधकथेवर बेतलेली आहे. कोंबडीला मका पेरायचा आहे. मदत मागायला ती पीटर नावाच्या डुकराकडे आणि डोनाल्डकडे जाते. काम कानावर पडताच दोघांच्याही पोटात कळा येतात. कोंबडी पिल्लांना हाताशी धरून पेरणी करते. कापणीच्या वेळीही तेच सोंग. पण या वेळी ते उघडे पडते. शेवटी मक्याचे पदार्थ तयार होतात, तेव्हा दोघे खडखडीत बरे असतात. कोंबडी मात्र त्यांच्या हाती एरंडेल ठेवते. सोंगाला औषध मिळते, आणि शिक्षा व विनोद एकाच कृतीत साधतात.

चित्रपटाचे खरे बळ आवाजात आहे. फ्लोरेन्स गिल यांनी कोंबडीचे बोलणे आणि गाणे कलकलाटाच्या लयीत बांधले. प्राण्यांचे आवाज काढण्यात तरबेज असलेल्या क्लॅरेन्स नॅश यांनी डोनाल्डला तो प्रसिद्ध घोगरा, अर्धवट कळणारा आवाज दिला. शब्द निसटले तरी त्यामागचा कांगावा नेमका कळतो. या पहिल्या रूपात डोनाल्डची चोच लांब आणि मान उंच आहे. खलाशी पोशाख मात्र तेव्हापासूनचाच.

बोधकथेच्या हिशेबाने नायिका कोंबडी. लोकप्रिय झाला तो कामचुकार बदक. याचे कारण स्टुडिओच्या गरजेत आहे. मिकी माऊस तोवर मुलांचा आदर्श बनला होता आणि त्याला वाह्यातपणाची मोकळीक उरली नव्हती. दोषांसकट वावरणारे पात्र हवे होते. त्याच वर्षीच्या ‘ऑर्फन्स बेनिफिट’मध्ये डोनाल्डला त्याचा विख्यात संताप मिळाला आणि स्वभाव पक्का झाला.

‘द वाइज लिटल हेन’ची ओळख केवळ डोनाल्डच्या पदार्पणापुरती ठेवणे अन्यायाचे आहे. उपदेश न करताही नीती सांगता येते आणि स्वभावदोषातून निखळ हसू निर्माण करता येते, हे या चित्रपटाने काही मिनिटांत सिद्ध केले. मुलांसाठी लिहिणाऱ्या आणि चित्रे काढणाऱ्या प्रत्येकाने तो त्यासाठी पाहायला हवा.