मांडवातील नासाडी

विवाहसमारंभांवरील खर्चाला आळा घालण्यासाठी अहिल्यानगर व पुणे भागांतील मराठा समाजाच्या बैठकांतून २०२५ साली एक आचारसंहिता पुढे आली. पाहुण्यांच्या संख्येला मर्यादा असावी, डीजे नसावा, प्री-वेडिंगच्या चित्रीकरणाचे प्रदर्शन होऊ नये, असे तिचे सर्वसाधारण स्वरूप आहे. अशा आचारसंहिता यापूर्वीही झाल्या आणि पहिल्याच धनिकाघरच्या लग्नात मोडल्या, असे म्हणून हिचीही बोळवण करणे सोपे आहे. परंतु ज्या समाजात लग्नाचा थाट हीच प्रतिष्ठेची खूण मानली जाते, त्याच समाजातून हा आवाज उठावा, ही घटना दुर्लक्षिण्याजोगी खास नाही.

महाराष्ट्राला हा विचार नवाही नाही. जोतीराव फुले यांनी २४ सप्टेंबर १८७३ रोजी सत्यशोधक समाज स्थापन केला आणि त्याच वर्षाच्या डिसेंबरात अल्प खर्चाचा पहिला सत्यशोधक विवाह लावून दाखविला. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याने तर तीस दिवसांची नोटीस, तीन साक्षीदार आणि नोंदणी अधिकारी एवढ्या सामग्रीवर विवाह शक्य केला. मार्ग खुले असूनही सुशिक्षित मध्यमवर्ग त्या वाटेला अभावानेच जातो. अक्षतांऐवजी फुले उधळली की आपण सुधारक झालो, अशी त्याची समजूत आहे. एका मुठीत पन्नास ग्रॅम तांदूळ धरले तर हजार पाहुण्यांमागे पन्नास किलो होतात; तेव्हा तेही वाचलेले बरेच. परंतु खरी नासाडी अक्षतांच्या ताटात नसून मुदपाकखान्यात आहे.

संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण कार्यक्रमाने २०२४ साली प्रसिद्ध केलेल्या अहवालानुसार २०२२ साली जगात १०५ कोटी टन अन्न वाया गेले. ग्राहकांसाठी उपलब्ध असलेल्या अन्नाचा हा जवळजवळ पाचवा हिस्सा होय. यातील साठ टक्के नासाडी घराघरांतली आहे, हे खरे. परंतु आमच्याकडे जी गृहिणी रात्रीची पोळी सकाळी फोडणीला टाकते, तिच्याच घरच्या कार्यात मसालेभाताची पातेली गटाराकाठी रिती होतात. हा विरोधाभास हौसेने उलगडत नाही. त्याचे मूळ भयात आहे. ‘पंगतीला अन्न कमी पडले’ हा डाग यजमानास जन्मभर पुसता येत नाही; उरलेल्या अन्नाबद्दल मात्र त्याला कोणी जाब विचारीत नाही. शिवाय निमंत्रण ‘सहकुटुंब सहपरिवार’ असते. किती जण येणार, हे विचारणे उद्धटपणाचे, आणि येणार नाही हे कळविणे अशुभ! आचारी वा केटरर किमान ताटांचा आकडा आधीच बांधून घेतो. मग यजमान अंदाजावर आणखी शंभर चढवितो आणि न आलेल्यांच्या ताटांचेही पैसे मोजतो.

पंगती गेल्या आणि बुफे आला, तेव्हा आग्रहाचा जाच संपून उष्टेही कमी होईल, असे अनेकांना वाटले होते. झाले उलटेच. वाढप्याला ‘पुरे’ म्हणता येत होते. स्वतःच्या हाताला तसे कोण म्हणणार? दुसऱ्यांदा रांगेत उभे राहावे लागू नये म्हणून पहिल्याच खेपेस ताटात डोंगर रचला जातो. पळसाच्या पत्रावळी निदान मातीत तरी मिसळत. २०१८ साली राज्यात बंदी येईपर्यंत त्यांच्या जागी थर्माकोलची ताटे मिरवत होती.

मात्र यापेक्षाही मूलगामी कारण आहे आणि त्याचा उच्चार करणे आम्ही आमचे कर्तव्य समजतो. पदार्थांची यादी वरपक्ष ठरवितो आणि तिचे पैसे बहुधा वधूपिता देतो. १९६१ साली हुंड्याविरुद्ध कायदा झाला. पण ‘हुंडा नको, फक्त दोन्ही अंगांनी लग्न करून द्या’ हे वाक्य सभ्य माणसांच्या बैठकीत आजही निःसंकोच उच्चारले जाते. ज्याला बिल द्यावयाचे नाही, त्याला जिलेबी आणि गुलाबजाम यांतून एकाची निवड करण्याचे कारणच काय? खर्च निम्मा-निम्मा होईल, तेव्हा दोन्ही व्याह्यांना एकाच वेळी काटकसर सुचेल. मानपानाचे टॉवेल-टोपी तर कोणी वापरीतही नाही. ते एका लग्नातून दुसऱ्या लग्नात फिरत राहतात आणि कित्येकदा मूळ घरी परत येतात. निदान ते आंबत तरी नाहीत!

सरकारी हुकुमांवर आमची भिस्त नाही. जम्मू-काश्मीर सरकारने २०१७ साली मुलीच्या लग्नाला पाचशे आणि मुलाच्या लग्नाला चारशे पाहुण्यांची मर्यादा जाहीर केली होती. परंतु पाहुणे मोजण्यासाठी दारात शिपाई उभा करणे हे कोणत्याही सरकारला शोभणारे काम नव्हे. एप्रिल २०२१ मध्ये महामारीमुळे महाराष्ट्रात पंचवीस माणसे आणि दोन तास एवढ्यातच लग्न उरकण्याची सक्ती होती. तेव्हाही विवाह झाले आणि त्यांत काही उणे राहिले नाही. निर्बंध उठताच मांडव पूर्ववत भरले. सक्तीने सवय लागत नाही, याचा यापेक्षा स्पष्ट दाखला कोणता हवा?

करता येण्याजोगे आहे ते मंगल कार्यालयांच्या करारात. उरलेले चांगले अन्न वाटण्यासाठी अन्नसुरक्षा प्राधिकरणाने २०१९ साली स्वतंत्र विनियम केले आहेत. परंतु शिजलेला भात उकाड्यात काही तासच टिकतो. शेवटचा पाहुणा जेवून गेल्यावर, रात्री अकरा वाजता, एखाद्या संस्थेला दूरध्वनी करण्यात अर्थ नाही. अन्न नेणाऱ्या संस्थेचे नाव आणि वेळ तारीख ठरवितानाच करारात लिहिली जावी. किमान ताटांचा आकडा समारंभाच्या चार दिवस आधी कमी करण्याची मुभा यजमानास असावी. आणि न वाढलेल्या पातेल्यांची नोंद बिलावर यावी. पुण्यातील कार्यालयचालकांनी येत्या तुळशीच्या लग्नानंतरच्या हंगामापासून एवढा बदल केला, तर त्यासाठी कोणत्याही अधिनियमाची वाट पाहावी लागणार नाही. निमंत्रितांकडे एकच काम उरते: जाणार नसू, तर तसे पोस्टकार्डाने नव्हे, मोबाईलवरून दोन ओळींत वेळीच कळविणे.