एक सभासद, एक मत – यादीत नाव असेल तर!

कंपनी आणि सहकारी संस्था यांतील फरक बी.कॉम.च्या विद्यार्थ्याला झोपेतून उठवून विचारला तरी सांगता येतो. कंपनीत जितके शेअर्स तितकी मते. सहकारी संस्थेत मात्र एक शेअर असलेल्या सभासदालाही एकच मत आणि हजार शेअर्सवाल्यालाही एकच. परीक्षेत हा मुद्दा लिहून मी गुण मिळवले आहेत. पण गेल्या वर्षी आमच्या गावच्या सोसायटीची निवडणूक लागली आणि या मुद्द्याची दुसरी बाजू मला घरातच पाहायला मिळाली.

सोसायटीच्या भिंतीवर कन्नडमध्ये यादी लागली होती. आजोबा तीन इयत्ता शिकलेले, तेही मराठी शाळेत. कुणीतरी त्यांना मथळा वाचून दाखवला, 'अनर्ह मतदारर पट्टी'. आजोबा तावातावाने घरी आले. "अरे, सगळं कर्ज फेडलंय मी. आता ही पट्टी कसली काढली यांनी?" घरपट्टी, पाणीपट्टीसारखाच हा काही नवा कर असावा अशी त्यांची समजूत. मी जाऊन पाहिले. कन्नडमध्ये पट्टी म्हणजे यादी. आणि अपात्र मतदारांच्या त्या यादीत आजोबांचे नाव होते. कारण, सर्वसाधारण सभांना गैरहजेरी.

"आजोबा, सभेला गेला होता काय?"

"गेलो होतो की! चहाचिवडा खाऊन आलो."

"रजिस्टरात सही केली?"

"सही कशाला? सगळी ओळखतात मला."

वाणिज्य शाखेच्या विद्यार्थ्याला पुढे काही विचारण्याची गरज नव्हती. जे वहीत नाही ते घडलेच नाही!

हे केवळ भाषेमुळे झाले असे मात्र कुणी म्हणू नये. शेजारच्या अण्णांची मातृभाषा कन्नड. त्यांचेही नाव त्याच यादीत होते आणि त्यांनी ते वाचले तेव्हा हरकत घेण्याची मुदत संपली होती.

सभासदाने सभेला यावे, संस्थेशी व्यवहार ठेवावा, हा या अटीमागील हेतू चांगलाच आहे. २०१२ साली अंमलात आलेल्या ९७व्या घटनादुरुस्तीने राज्यांना तशी अट घालण्याची वाट करून दिली आणि कर्नाटकच्या कायद्यात ती आली. पुढे २०२१ साली सर्वोच्च न्यायालयाने त्या दुरुस्तीतील सहकाराचे प्रकरण राज्यांतील संस्थांपुरते रद्द ठरवले. कारण निम्म्या राज्यांच्या विधिमंडळांची संमती घेतलेली नव्हती. राज्याच्या कायद्यातील अट मात्र त्यामुळे आपोआप गेली नाही.

मग दाद कुठे मागायची? कर्नाटक सहकारी संस्था कायदा, १९५९ च्या कलम ७० प्रमाणे निवडणुकीचा तंटा दिवाणी कोर्टात नव्हे, तर सहकार निबंधकांकडे न्यावा लागतो. शिवाय २००१ साली महाराष्ट्रातील एका दूध संस्थेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे की, मतदारयादी तयार करणे हा निवडणुकीचाच भाग आहे आणि निवडणूक सुरू झाल्यावर उच्च न्यायालयाने ती रोखू नये. तक्रार निकालानंतर करावी.

मला हे तत्त्व पटते. प्रत्येक नावासाठी स्थगिती मिळू लागली तर निवडणूक होणारच नाही आणि ज्यांना खुर्ची सोडायची नाही त्यांचेच फावेल. पण संचालक मंडळाची मुदत पाच वर्षांची. तंटा रेंगाळला तर न्याय मिळेपर्यंत पुढची निवडणूक येते. ज्यांच्या पाठीशी पॅनेल असते ते धारवाडच्या खंडपीठातून अंतरिम आदेश आणतात, त्यांची मते वेगळ्या पेटीत पडतात आणि निकाल खोळंबतो. ज्याच्या पाठीशी कुणी नाही तो आजोबांसारखा घरी बसतो. याला 'एक सभासद, एक मत' म्हणायचे काय?

माझ्या मते उपाय कोर्टाच्या आधी, सोसायटीच्या टेबलावरच व्हायला हवा. नाव वगळण्यापूर्वी त्या सभासदाला, त्याला वाचता येईल अशा भाषेत, कारणासह नोटीस मिळावी व तिची पोच घ्यावी. सभेत सही करणाऱ्याला हजेरीची चिठ्ठी मिळावी. निवडणुकीचा तंटा ठराविक महिन्यांत निकालात काढण्याचे बंधन असावे. यात फार खर्च नाही. इच्छा मात्र हवी.

१९०५ साली गदगजवळच्या कणगिनहाळ येथे देशातील अगदी सुरुवातीच्या सहकारी पतसंस्थांपैकी एक नोंदली गेली, तेव्हा तो मुलूख आणि आपले बेळगाव एकाच मुंबई इलाख्यात होते. ही चळवळ मराठी व कन्नड शेतकऱ्यांची सामाईक ठेव आहे. आपल्या महाविद्यालयात दोन्ही भाषा वाचणारे विद्यार्थी पुष्कळ आहेत. सुटीत गावी गेल्यावर सोसायटीची भिंत वाचावी, आजोबांना, अण्णांना समजावून सांगावी, एवढे तरी आपल्या हातात आहे.

यंदाच्या सभेला मी दोघांनाही घेऊन गेलो. आजोबांनी आधी सही केली, मगच चिवड्याची पुडी घेतली.