नेमका कुठला केरळ?

संपादक महोदय,

मल्याळम सिनेमा म्हणजे केरळच्या समाजाचा आरसा, हे वाक्य मराठी चित्रपटलेखनात इतकं रुळलंय की त्यावर आता कुणी अडतही नाही. पुरावा म्हणून ‘कुंबळंगी नाइट्स’ (२०१९) आणि ‘द ग्रेट इंडियन किचन’ (२०२१) पुढे केले जातात. दोन्ही उत्तम, वादच नाही. पण ‘नरसिंहम’चं काय? २००० सालच्या या तुफान चाललेल्या चित्रपटात मोहनलालचा नायक लग्नाची मागणी घालतो ती, पिऊन घरी आल्यावर लाथ घालायला एक बाई हवी, असं सांगून! त्याला डोक्यावर घेणारा प्रेक्षकही केरळचाच होता. साक्षर, ग्रंथालयं आणि फिल्म सोसायट्या चालवणारा.

‘कुंबळंगी’तला, आरशासमोर स्वतःच्या मिशीवर खूश होणारा शम्मी काही आभाळातून पडलेला नाही. ज्या मर्दानगीला पडद्यावर वर्षानुवर्षं हार घातले गेले, तिचंच ते पोर. नवे दिग्दर्शक समाजाशी भांडतात तेवढेच आपल्याच जुन्या सिनेमाशीही भांडताहेत. जिओ बेबी यांचा ‘किचन’ मोठ्या ओटीटी कंपन्यांनी आधी नाकारला होता. नीस्ट्रीम या छोट्या मंचावर तो गाजला, मग मोठ्यांना जाग आली.

आणि सिनेसृष्टीच्या आत काय चाललं होतं? २०१७ मध्ये एका अभिनेत्रीवर हल्ला झाल्यानंतर सरकारने सिनेसृष्टीतल्या स्त्रियांच्या स्थितीची चौकशी करायला न्या. हेमा समिती नेमली. अहवाल डिसेंबर २०१९ मध्ये सादर झाला. लोकांसमोर आला ऑगस्ट २०२४ मध्ये, तोही काटछाट करून. आपण ‘किचन’ पाहून केरळची वाहवा करत होतो, तेव्हा हा अहवाल सरकारदरबारी पडून होता.

जातीबाबतही तेच. ‘विगतकुमारन’ या पहिल्या मल्याळम मूकपटात पी. के. रोझी या दलित स्त्रीने नायर स्त्रीची भूमिका केली, म्हणून सवर्ण जमाव चवताळला आणि तिला मुलूख सोडावा लागला. पहिलीच नायिका ती! तिची कहाणी मोठ्या पडद्यावर आली २०१३ साली, ‘सेल्युलॉइड’मध्ये. पण तो चित्रपटही मुख्यतः ‘विगतकुमारन’चे दिग्दर्शक जे. सी. डॅनियल यांच्यावरच.

आपल्या पुरवणीत ‘पाहायलाच हवेत’ अशी पुढची यादी येईल तेव्हा तीत ‘नरसिंहम’ही असू द्या, आणि सोबत हेमा अहवालावर चार ओळी. मराठी सिनेमाने केरळकडून शिकावं असं सांगणाऱ्यांनी, नेमकं कुठल्या केरळकडून, तेही लिहावं.

आपला,
एक नियमित वाचक, ठाणे