जेठीमध गोड, पण औषधच



थंडी पडली, नाताळच्या गीतांच्या तालमी सुरू झाल्या, की आमच्या गायकमंडळात जेठीमधाच्या कांड्या हातोहात फिरू लागतात. मराठीत ज्येष्ठमध, इथे बडोद्याच्या बाजारात जेठीमध. घसा खवखवत असता दोनचार दिवस कांडी चघळण्यास आमची हरकत नाही. प्रवचनाआधी आम्हीही चघळतो. परंतु हल्ली काही घरांत ती बारमाही झाली आहे. सकाळी चहात पूड, शेतावर जाताना तोंडात कांडी, रात्री काढा. ‘झाडाची मुळी ती, तिचा अपाय कसला?’ असे म्हणणारे वडीलधारे पुष्कळदा रक्तदाबाच्या गोळ्याही घेत असतात. आम्हांस काळजी वाटते ती त्यांची.

या मुळीची गोडी ग्लिसिऱ्हायझिन नावाच्या द्रव्याची. साखरेहून ते सुमारे ५० पट गोड. तेच द्रव्य मूत्रपिंडाच्या कामात ढवळाढवळ करते. शरीरात मीठ व पाणी साठते, पोटॅशियम लघवीवाटे निघून जाते. मग पायांवर सूज येते, रक्तदाब चढतो, अंगात त्राण राहत नाही, हृदयाचे ठोकेही चुकू शकतात. लघवी वाढविणारी गोळी चालू असेल तर पोटॅशियम दोन वाटांनी जाते. हे ज्ञान नवे नव्हे. हॉलंडचे डॉ. रेव्हर्स पोटातील व्रणावर ज्येष्ठमधाचा अर्क देत. त्याने काही रोग्यांना सूज येते हे त्यांनी १९४६ सालीच नोंदविले होते. गरोदर बाईनेही ही मुळी टाळावी.

युरोपातील तज्ज्ञांनी ग्लिसिऱ्हायझिनची रोजची मर्यादा १०० मिलिग्रॅम धरली आहे. मुळीत ते कमीअधिक असते. कधी दोनतीन ग्रॅम पुडीतच मर्यादा ओलांडली जाते. घरच्या चमच्याने हे मोजता येत नाही. तेव्हा डॉक्टरांकडे जाताना गोळ्यांबरोबर जेठीमधाची पुडीही न्यावी.

लागवडीविषयीही आम्हांस विचारले जाते. बाजारातील बराच माल इराण, अफगाणिस्तानकडून येतो, म्हणून भावाचा मोह पडतो. पण मुळ्या काढायला सुमारे तीन वर्षे लागतात, आणि जमीन रेताड, निचऱ्याची हवी. पावसाळ्यात पाणी धरणाऱ्या आपल्या काळ्या जमिनीत त्या कुजतील. रोपांना पैसे मोजण्याआधी आणंदजवळ बोरिआवीच्या औषधी वनस्पती संशोधन संचालनालयात चौकशी करावी.

आणि कुंपणावरच्या चणोठीची, म्हणजे गुंजेची, गोड मुळी कोणी जेठीमध म्हणून दिली तर घेऊ नये. तिच्या लाल-काळ्या बिया जहाल विषारी आहेत. मुलांच्या खेळातून त्या आजच काढून घ्याव्यात.