बेकारीचा दाखला

दिवाळी अंकासाठी लिहायचे म्हणजे काहीतरी गोडधोड लिहायचे, असा आपल्याकडे एक शिरस्ता पडून गेला आहे. चकलीचा तुकडा तोंडात असताना वाचकाला ठसका लागेल असे लिहू नये, हे संपादकही सुचवतात आणि घरची मंडळीही. एरवी मी हा शिरस्ता पाळतो. मी पोटासाठी मास्तर आणि हौसेने कादंबरीकार. भांडखोर माणूस नव्हे. परंतु यंदा मी कथा देत नाही. यंदा मला भांडायचे आहे. आणि ज्या गोष्टीपायी भांडायचे ती ऐन दिवाळीतच घडली असल्यामुळे तिची जागाही दिवाळी अंकातच आहे, असे मला वाटते.

२०१९ सालची भाऊबीज. मी थोरल्या बहिणीकडे गेलो. अक्काने पाट मांडला, ओवाळले. शाळेतून पगाराचा थकलेला फरक नुकताच हाती आला होता, म्हणून मी ताटात दरवर्षीपेक्षा मोठी नोट घातली. अक्काने ती उचलली, माझ्या मुठीत परत कोंबली आणि दाराकडे बघत हळूच विचारले, "तुला कुणी सांगितलं?"

मला कुणी काहीच सांगितले नव्हते. मग तिने सांगितले. दाजींची नोकरी धनत्रयोदशीला गेली होती.

दाजी एका औद्योगिक वसाहतीत मोटारींचे सुटे भाग करणाऱ्या कारखान्यात अकरा वर्षे कामाला होते. त्या वर्षी देशभर मोटारींचा खप बसला होता, आणि मोठ्या कारखान्याला शिंक आली की सुटे भाग करणारा धाकटा कारखाना अंथरूण धरतो. माणसे कमी करायची ठरली. धनत्रयोदशीला दाजींना आत बोलावून एका हातात बोनसचे पाकीट दिले आणि दुसऱ्या हाताखाली एक छापील कागद सरकवला: 'मी घरगुती अडचणीमुळे स्वखुशीने नोकरी सोडत आहे.' सही केली तर पाकीट. दाजींनी सही केली. दहावीतल्या मुलीचा बाप दिवाळीच्या तोंडावर दुसरे काय करणार?

मी म्हणालो, "दाजी, तुमचा कामगार विमा आहे ना? त्यात बेकारीचा भत्ता मिळतो असं वाचलंय मी. आपण अर्ज करू या."

दाजी म्हणाले, "नको. सरकारचं फुकटचं खायची वेळ नाही आली अजून."

वाचकहो, माझे पहिले भांडण या 'फुकट' शब्दाशी आहे. दाजी तो कारखान्यात शिकले नव्हते. तो त्यांना तुम्हीआम्ही शिकवला. रांगेत उभ्या असलेल्या माणसाकडे बघून 'यांना सगळं फुकट पाहिजे' असे आपण इतक्या वेळा बोललो आहोत की ज्याचे स्वतःचे पैसे अडकले आहेत तोही ते मागायला लाजतो. जरा हिशेब पाहा. कामगार विम्याचा कायदा १९४८ सालचा. योजनेचा आरंभ कानपूर आणि दिल्ली येथे २४ फेब्रुवारी १९५२ रोजी झाला. तिच्यात कामगाराच्या पगारातून कपात होते आणि मालकही आपला वाटा भरतो. जून २०१९ पर्यंत कामगाराचे शेकडा पावणेदोन आणि मालकाचे शेकडा पावणेपाच. त्या जुलैपासून कामगाराचे पाऊण आणि मालकाचे सव्वातीन. दाजींचा पगार सोळा हजार. म्हणजे जूनपर्यंत त्यांच्या खिशातून महिन्याला २८० रुपये जात आणि त्यांच्या नावावर मालकाचे ७६०. हे वर्षानुवर्षे भरलेले पैसे आहेत. दुकान जळाल्यावर शेटजी विम्याची रक्कम मागतात, तेव्हा त्यांना कोणी फुकटे म्हणत नाही. नोकरी जळाली तर मात्र तीच मागणी भीक ठरते!

दाजींना मी कसेबसे तयार केले, आणि मग आम्ही अर्जाच्या वाटेला लागलो.

योजनेचे नाव अटल बीमित व्यक्ती कल्याण योजना. ती १ जुलै २०१८ पासून लागू झाली. तिच्या त्या वेळच्या अटी मी शाळेतल्या मुलांना पाठ करायला लावतो तशा पाठ केल्या होत्या. अजून विसरलेलो नाही. रोजच्या सरासरी कमाईच्या शेकडा पंचवीस इतका भत्ता. तो जास्तीत जास्त नव्वद दिवस. आणि तोही उभ्या जन्मात एकदाच. आधी दोन वर्षांची विमा असलेली नोकरी हवी. गैरवर्तणुकीची शिक्षा म्हणून किंवा स्वेच्छानिवृत्तीने नोकरी गेली असेल तर भत्ता नाही. नोकरी गेल्यावर नव्वद दिवस लोटल्याखेरीज मागणी करता येत नाही. वीस रुपयांच्या मुद्रांक कागदावर प्रतिज्ञापत्र हवे. आणि अर्ज पुढे जायचा तो शेवटच्या मालकामार्फत!

या शेवटच्या अटीपाशी क्षणभर थांबा. ज्याने हाकलले त्याच्याच दारात जाऊन 'मला हाकलले असे लिहून द्या हो' म्हणून विनवायचे. चोराकडून चोरीचा पंचनामा करून आणण्यासारखेच हे झाले. बरे, मालकाने ते का लिहून द्यावे? त्याच्याजवळ तर दाजींच्याच सहीचा कागद आहे की हा गृहस्थ स्वखुशीने गेला. कपातीचा शब्द कागदावर आला तर कायदा आला, नुकसानभरपाई आली. म्हणून मालकाला माणूस काढायचा असतो; पण काढल्याचे लिहायचे नसते.

नव्वद दिवस भरले तेव्हा २०२० चा जानेवारी सरत आला होता. त्या नव्वद दिवसांत अक्काच्या घरात काय झाले ते मी रंगवून सांगणार नाही. किराणावाल्याची वही भरली, एवढेच सांगतो. बेकाराला पहिल्या महिन्यात पैसा हवा असतो, कारण हप्ता, भाडे आणि फी यांना नव्वद दिवस थांबण्याची अट माहीत नसते. भुकेल्याला 'तीन महिने उपाशी राहून दाखव, मग चतकोर देतो' असे सांगणाऱ्या यजमानाला आपण काय म्हणू?

फेब्रुवारीत दाजींनी कारखान्याच्या फाटकाशी चार हेलपाटे घातले. ज्या फाटकातून अकरा वर्षे ते मान वर करून आत गेले, तिथे आता पहारेकरी त्यांना बाहेरच्या बाकावर बसवी. साहेब मीटिंगमध्ये, साहेब बाहेरगावी, पुढच्या सोमवारी या. विम्याच्या कचेरीतला कारकून, खरे सांगायचे तर, भला माणूस होता. त्याने पाणी विचारले, कागद नीट लावून दिले आणि हळू आवाजात म्हणाला, "काका, राजीनाम्यावर सही करायला नको होती." त्याच्यावर माझा राग नाही. तो नियमाच्या पलीकडे काय करणार? माझा राग नियमावर आहे.

मार्च आला, २४ तारखेच्या रात्री टाळेबंदी जाहीर झाली, आणि कारखाना, कचेरी, रस्ते सारेच बंद झाले.

आता गोष्टीतला खरा भाग ऐका. २०२० च्या ऑगस्टात विमा महामंडळाने ठराव केला की, त्या वर्षी २४ मार्च ते ३१ डिसेंबर या काळात ज्यांची नोकरी गेली त्यांना भत्ता पंचवीसऐवजी शेकडा पन्नास मिळेल. मागणी नव्वदऐवजी तीस दिवसांनी करता येईल. अर्ज मालकामार्फत नको. कामगाराने थेट शाखेत द्यावा, मालकाकडे पडताळणी काय करायची ती कचेरी करील. पैसे सरळ बँकेच्या खात्यात जातील. नोव्हेंबरात प्रतिज्ञापत्राची अटही गेली. सवलतीची मुदत पुढे वाढवीतही नेली.

हे उत्तमच झाले. सरकारने बरे केले की ते मी मोकळ्या मनाने बरे म्हणतो. परंतु मग मला एक साधा प्रश्न पडतो. मालकाच्या मार्फतीवाचून योजना जर बुडत नव्हती, मुद्रांकावाचून आभाळ कोसळत नव्हते, तर या अटी आधी घातल्या कशासाठी? इतके दिवस 'नियम आहे, इलाज नाही' म्हणत होतो, तो इलाज एका बैठकीत कसा सापडला? याचा अर्थ इतकाच की त्या अटी गरजेच्या कधीच नव्हत्या. त्यांच्या मुळाशी फक्त संशय होता, गरीब माणूस हात पुढे करतो तो लबाडीनेच, हा आपल्या कचेऱ्यांच्या हाडीमासी मुरलेला संशय.

दाजी वर्तमानपत्राचे कात्रण घेऊन गेले. कारकुनाने तारीख पाहिली. ऑक्टोबर २०१९. सवलत मार्चपासून पुढची. देशावर संकट आले तेव्हा बेकार झाला असता तर निम्मा पगार. एकट्यावर आले म्हणून काही नाही. दाजींच्या हिशेबाने एकूण भत्ता बाराएक हजारांच्या आतबाहेर झाला असता. त्यातला एक पैसा त्यांना मिळाला नाही.

ही गोष्ट एका दाजींपुरती नाही आणि आजची तर मुळीच नाही. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईच्या गिरण्यांतले सुमारे अडीच लाख कामगार संपावर गेले, आणि गिरणगाव त्यातून पुन्हा उठले नाही. १९८६ च्या सप्टेंबरात केंद्र सरकारने गिरणी कामगारांसाठी पुनर्वसन निधी काढला: पहिल्या वर्षी पगाराच्या शेकडा पंचाहत्तर, दुसऱ्या वर्षी पन्नास, तिसऱ्या वर्षी पंचवीस. ऐकायला केवढे उदार! पण गिरणी रीतसर, कायद्याने, कायमची बंद झाली असली पाहिजे, ही त्यात मेख. भोंगा वाजत नाही, चिमणीतून धूर नाही, फाटकाला गंज चढला आहे. तरी कागदावर गिरणी बंद आहे की नाही हे ठरणार मालकाच्या अर्जावरून. कामगाराने डोळ्यांनी पाहिलेले खोटे, मालकाने कागदावर लिहिलेले खरे.

'असे सैल सोडले तर लोक आळशी होतील, लबाडी करतील,' असे म्हणणारे मला भेटतात. बहुधा सुपारी कातरता कातरता म्हणतात. दाजींचा भत्ता दिवसाला एकशे तीस रुपयांच्या आसपास झाला असता, आणि तोही जन्मात नव्वद दिवस. एवढ्यावर आळशी होऊन दाखवणारा माणूस मला दाखवा. मी त्याच्यावर कादंबरी लिहीन. आणि लबाडीचे म्हणाल, तर एखादा करीलही. पण पुरावा तर कचेरीच्याच वहीत आहे! दरमहा कोणाच्या नावावर किती वर्गणी जमा झाली याची नोंद तिथेच असते. नोव्हेंबरपासून दाजींच्या नावापुढे शून्य आहे, हे त्यांना फाटकावर न धाडताही दिसत होते. दिसत होते, वाचायचे नव्हते.

आणि मागणाऱ्यावर विश्वास ठेवून योजना चालते, हे आपल्याच महाराष्ट्राने देशाला दाखवले आहे. वि. स. पागे यांच्या कल्पनेतून १९६५ साली तासगाव भागात रोजगार हमीचा प्रयोग झाला. १९७२ च्या दुष्काळात तो राज्यभर पसरला. १९७७ साली त्याचा कायदा झाला. त्या कायद्याचा गाभा काय? खेड्यातल्या कष्टकऱ्याने काम मागितले की ते द्यायचे, आणि पंधरा दिवसांत देता आले नाही तर बेकारी भत्ता द्यायचा. आदल्या मालकाचा दाखला आण, असे खडी फोडायला आलेल्या बाईला कोणी म्हटले नाही. तिचे मागणे हाच तिच्या गरजेचा पुरावा. या हमीच्या खर्चासाठी १९७५ साली शहरातल्या नोकरदारांवर व्यवसाय कर बसवला. माझ्या पगारातून तो दरमहा २०० आणि फेब्रुवारीत ३०० रुपये असा आजही कापला जातो. इतर कपातींवर मी कुरकुरतो. या कपातीची मला कधी खंत वाटली नाही.

राज्यघटनेच्या ४१ व्या कलमात बेकारी, म्हातारपण आणि आजार यांत राज्याने आपल्या ऐपतीप्रमाणे साहाय्य द्यावे, असे म्हटले आहे. ऐपतीचे समजू शकतो. भत्ता शेकडा पन्नास की पंचवीस, हा ऐपतीचा प्रश्न आहे. पण ताठ मानेने अर्ज करू देणे याला कसली ऐपत लागते? म्हणून माझे मागणे थोडके आहे. बेकार झाल्याचे सांगायला कामगाराची स्वतःची सही पुरे समजावी. तपास काय तो कचेरीने आपल्या वहीवरून आणि आपल्या पायांनी करावा. पहिला पैसा पहिल्याच महिन्यात हातात पडावा. बोनसच्या पाकिटाखाली घेतलेला राजीनामा 'स्वखुशी' धरू नये. जन्मात एकदाच ही अट काढावी, कारण नोकऱ्या जन्मात एकदाच जातात असा मालकांनी कुठे करार केलेला नाही. आणि हे सारे मुदतवाढीवर जगणारी योजना म्हणून नको, कायद्यातला हक्क म्हणून हवे.

दाजी आज एका गोदामात कामाला आहेत. पगार पूर्वीपेक्षा कमी आहे. विम्याची कपात पुन्हा सुरू आहे. भाची शिकली, आता तीही नोकरी करते. अक्का माझी नोट आता परत करीत नाही.

परवा दाजींनी विषय काढला. म्हणाले, "पैशाचं नाही वाटलं रे. त्या बाकावर बसवलं ना, त्याचं वाटलं."

लक्ष्मीपूजनाला आपल्याकडे व्यापारी नवी वही पूजतात आणि पाडव्याला तिच्यावर पहिला आकडा मांडताना जुनी देणी आधी ओढून घेतात. ते राहिले तर वही अशुद्ध, असे जुनी माणसे म्हणत. यंदा तुमच्या घरात, शेजारात, नात्यात कोणाची नोकरी गेली असेल, तर फराळाचे ताट जरूर पाठवा. पण सण सरल्यावर एक सकाळ त्याच्याबरोबर कचेरीतही जा. त्याला बाकावर एकटे बसू देऊ नका. आणि कोणी 'फुकट' म्हणाले, तर तिथल्या तिथे भांडा.